गाईचे मागचे पाय

गाईच्या पोटात बोलायला बंदी नव्हती, फक्त हवा नव्हती. पुढचे पाय आणि मुंडकं लेन सॉवर्बीचं, मागचे पाय, आचळं आणि शेपूट हिल्डा प्लॅटचं. हिल्डा कमरेत वाकून लेनचा पट्टा धरायची, वरून केसाळ कातडं चढायचं, आणि मग त्या चार पायांनी हॅलबीच्या पॅव्हेलियन थिएटरात नाचायचं, रुसायचं, दूध द्यायला नकार द्यायचा. साठी उलटलेल्या बाईला हे काम कोण देतं? पण हिल्डाचे गुडघे शाबूत होते आणि पायांना विनोद कळत होता. डावा पाय उजव्या पायावर टाकून गाय विचारात पडली, की तालमीला बसलेले वादकसुद्धा हसायचे. अर्थात वर्तमानपत्रातल्या परीक्षणात गाईच्या मागच्या पायांचं नाव कधी छापून येत नाही. पुढच्यांचं क्वचित येतं.

हे काम तिला क्लिफ हॅडलीने मिळवून दिलं होतं. म्हणजे तो तरी असं सगळीकडे सांगत होता.

"तुझी आठवण ठेवली बघ मी," तो फोनवर म्हणाला होता.

"कोणत्या भागाची?" हिल्डाने विचारलं होतं.

क्लिफ हॅडली म्हणजे टीव्हीवरचा मिस्टर स्पिंक. जन्माचं नाव क्लिफर्ड मज, पण मज नावाच्या माणसाला कोणी लंडनमध्ये उभं करत नाही, म्हणून हॅडली. तरुणपणी तो आणि हिल्डा, तेव्हा नवरा-बायको, जोडीने विनोदी नकला करत गावोगाव हिंडले. भाड्याच्या खोल्या, खोलीत गॅसचा मीटर, आणि दर गावाची एकेक खडूस घरमालकीण. हॅलिफॅक्सची मिसेस ॲक्रॉइड तर गरम पाण्याने आंघोळ करू का विचारलं की मान वाकडी करून म्हणायची, "मंगळवारी नाही हं, राजा!" वार कोणताही असो. हिल्डाने ते वाक्य उचललं, बाईच्या तोंडचं काढून एका भित्र्या घरमालकाच्या तोंडी घातलं, आणि मिस्टर स्पिंक जन्माला आला. आधी रेडिओवर, मग टीव्हीवर. दर रविवारी संध्याकाळी अर्धा देश भाजलेल्या मांसाचं उरलंसुरलं ताटात घेऊन त्याच्यासमोर बसायचा.

लिहायची त्यांची एक पद्धत होती. क्लिफ टाइपरायटरसमोर बसायचा, कारण लष्कराच्या कारकुनीत तो दोन बोटांनी टाइप करायला शिकला होता. हिल्डा खोलीत या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत फिरायची. क्लिफ अडला की डावा हात वर करून चुटकी वाजवायचा. हिल्डा फिरता फिरता वाक्य फेकायची. तो टिपून घ्यायचा. चुटकी, वाक्य, चुटकी, वाक्य. दुपारपर्यंत एक भाग तयार. आणि पहिल्या पानावर काय टाइप व्हायचं? 'लेखक : क्लिफ हॅडली.'

"अगं, जो टाइप करतो तो लेखक," तो समजावायचा. "तू तर नुसती चालतेस."

लग्न मोडलं तेव्हा स्पिंकचे भाग त्याच्याकडे गेले आणि मिसेस ॲक्रॉइडची आठवण हिल्डाकडे राहिली. तिच्याविना त्याने एक मालिका लिहून पाहिली. ती पहिल्या हिवाळ्यातच गारठली. मग क्लिफला गंभीर व्हायची हुक्की आली. लंडनमध्ये एका दारूच्या गुत्त्यावरच्या माडीत तो एका नाटकात दोन तास वाळूच्या ढिगात बसून राहिला. 'हॅडली यांचं मौन बोलकं आहे,' एका समीक्षकाने लिहिलं, 'बोलणं तितकंसं नाही.' स्पिंकचं ते वाक्य पुन्हा तोंडातून काढणार नाही अशी शपथ त्याने एका मुलाखतीत घेतली, आणि पुढच्याच वर्षी रस्सा दाट करायच्या पावडरीच्या जाहिरातीत ते म्हटलं. रस्सा त्या शपथेत धरायचा नाही, असं त्याचं म्हणणं. मग आत्मचरित्र आलं, त्यात हिल्डाला एक ओळ मिळाली : 'माझी पहिली पत्नी चहा उत्तम करीत असे.' हिल्डाच्या चहाला कुत्रंही तोंड लावायचं नाही. ओळ खोटी होती याचा तिला राग आला नाही. तिच्यावरची एकुलती एक ओळ एवढी बेचव होती याचा आला.

तेव्हापासून दर नाताळात पँटो. पोरांसाठीचा गाण्यांचा, आरड्याओरड्याचा, लाजिरवाण्या विनोदांचा खेळ. त्यात विधवा म्हातारी पुरुषानेच करायची, आणि ती म्हातारी क्लिफ. दर वर्षी गाव थोडं आणखी लहान, लंडनपासून थोडं आणखी लांब. या वर्षी हॅलबी. हॅलबीच्या पुढे समुद्रच होता.

तालमीच्या तिसऱ्या की चौथ्या दिवशी, चहाच्या सुट्टीत, क्लिफ गाईजवळ आला. अंगात स्वेटर, खाली तालमीपुरता घेरदार परकर, डोळ्यांत जुनी चमक. हिल्डा आचळं मांडीवर घेऊन बिस्किट खात होती.

"हिल्डे, एक बातमी आहे. टीव्हीवाले स्पिंक परत आणतायत. सहा भाग! तो पोरगेला निर्माता आहे ना, टोबी फेअरफॅक्स, तो पहिल्या खेळाला येतोय. मला पाहायला. पब्लिक अजून माझ्यावर जीव टाकतं का ते बघायला."

"छान. पोरांना सांगून ठेव, जीव टाका म्हणून."

"अगं, लिहायचे कोणी पण? मी म्हटलं, आपण दोघं. पहिल्यासारखं. मी टाइप करीन, तू फिरशील."

"आणि नाव?"

क्लिफने परकराची चुणी सरळ केली. "टीव्हीवाल्यांचा दोन नावांनी गोंधळ उडतो गं."

"मग तूच टाइप कर आणि तूच फीर. टाइपरायटर गळ्यात बांध."

शेजारी लेन बसला होता. एके काळचा कसरतपटू, आता पाठीचा पट्टा बांधून गाईचं डोकं सांभाळणारा. तो चहात हसला. क्लिफने त्याच्याकडे असं पाहिलं की जणू फर्निचर बोललं.

"बरं," क्लिफ म्हणाला, आणि आवाज एकदम खाली आणला, वाळूच्या ढिगातला. "ऐक. खेळाच्या शेवटच्या दोन ओळी मीच लिहिल्यात ना? मीच म्हणणार ना? त्यात तुझं नाव घालतो. भर थिएटरात, टोबीच्या देखत. अर्धी करामत हिल्डा प्लॅटची, असं सरळ. मग टीव्हीवर नाव लावण्यावाचून गत्यंतरच नाही. झालं?"

हिल्डाचं बिस्किट चहात पडलं. ती साठीपलीकडची होती, लोकांकडून फार काही मागायची सवय सुटलेली. पण हे एवढं तिला हवं होतं. मालिका गेली, नवरा गेला, ठीक आहे. पण स्पिंक तिच्या पायांनी चालत आला होता. हे कोणीतरी, एकदा, मोठ्याने म्हणायला हवं होतं. आणि ते क्लिफनेच म्हणायला हवं होतं, कारण दुसऱ्या कोणाला माहीतच नव्हतं.

"म्हणून दाखव," ती म्हणाली.

"काय?"

"त्या दोन ओळी. आत्ता."

क्लिफ मागे सरकला. "हिल्डा! तालमीत? शेवटच्या ओळी? छप्पर पाडायचंय का?"

अपशकुन टळावा म्हणून लेनने मुकाट्याने खुर्चीच्या लाकडाला हात लावला. पँटोच्या शेवटच्या दोन ओळी पहिल्या खेळाआधी कोणीही उच्चारत नाही. संहितेत तिथे कोरी जागा असते, तालमीत सगळे 'टम टिटी टम' करून वेळ मारून नेतात. उच्चारल्या तर खेळ पडतो, नट आजारी पडतात, थिएटर जळतं. सगळ्यांनी असल्या कथा ऐकलेल्या, पाहिलेल्या कोणीच नाहीत. क्लिफ शिडीखालून बिनदिक्कत जायचा, काळ्या मांजरांना लाथा घालायचा. पण या एका बाबतीत, आज, तो कमालीचा श्रद्धाळू होता.

तो गेल्यावर लेन म्हणाला, "नाही घालणार गं तो. हिल्डाला यमक कुठलं जुळतंय?"

"नाव मधे घालता येतं, लेन."

"मधे घालायला मन लागतं."

"गप बस आणि डोकं चढव."

पण त्या दिवसापासून गाईचे मागचे पाय जरा जास्तच हलके पडू लागले. पुढच्या पायांना ते जाणवत होतं.

पहिल्या खेळाला थिएटर गच्च. ओल्या कोटांचा वास, आइस्क्रीमचे कप, आणि पोरांचा असा कल्ला की समुद्रसुद्धा ऐकू येईना. टोबी फेअरफॅक्स चौथ्या रांगेत, गळ्यात मफलर गुंडाळून, आजीच्या घरी जेवायला आल्यासारखा सभ्य हसत बसलेला. क्लिफने त्याला पडद्याच्या फटीतून तीनदा पाहिलं. तिसऱ्यांदा हिल्डाचा हात दाबला.

"आज बघ तू," तो म्हणाला.

खेळ बरा झाला. राजकुमाराचा पायमोजा सुटला, दुष्ट जमीनदाराची पोरांनी घसा फुटेपर्यंत हुर्यो उडवली. क्लिफ नेहमीचाच : पाच पोशाख बदलून, प्रत्येक विनोदानंतर टाळीची वाट पाहत एक क्षण जास्त उभा. गाय हिट झाली. दूध काढायच्या प्रसंगात तिने म्हातारीच्या मांडीवर बसून घेतलं तेव्हा चौथ्या रांगेत टोबी पहिल्यांदा खरंखुरं हसला. हिल्डाला ते कातड्याच्या आतून दिसणं शक्य नव्हतं. लेनने डोळ्याच्या भोकातून पाहून सांगितलं.

मग शेवट. मोठा जिना, दिवे, बँड. जिन्यावरून एकेक जण उतरतो, आणि त्या उतरण्यातच सगळ्यांची पत ठरते. नाचणाऱ्या मुली आधी, मग गाय, मग परी, जमीनदार, नायक-नायिका, आणि सगळ्यांत शेवटी तारा. या वेळेला गाय उभीच उतरते, मुंडकं काखेत. त्यामुळे लेन लेनसारखा दिसत होता आणि हिल्डा कमरेपर्यंत हिल्डा, खाली गाय. घामाने केस कपाळाला चिकटलेले. अख्ख्या खेळात एवढाच क्षण लोकांना तिचा चेहरा दिसायचा. तो बघून एक पोरगी आईला म्हणाली, "अगं, आत आजी होती!"

क्लिफ उतरला. डोक्यावर दिव्यांचं झुंबर, अंगावर पडद्याएवढा झगा. टाळ्या. ओळ करून सगळे उभे राहिले. तो मध्ये, चार पावलं पुढे, हिल्डा त्याच्या बरोब्बर मागे. बँड थांबला. तो हात पसरून म्हणाला :

"खेळ आमचा संपला लोकहो, पडदा येईल खाली..."

लेनने हिल्डाचं कोपर धरलं.

"...पडदा येईल खाली," क्लिफ पुन्हा म्हणाला.

आणि थांबला.

हे थांबणं कसलं आहे ते हिल्डाला मानेवरून कळलं. ती मान तिने वर्षानुवर्षं टाइपरायटरवर वाकलेली पाहिली होती. झुंबराखालची ती मान लाल होत चालली होती. ओळ गेली होती. कधी मोठ्याने न म्हटलेली ओळ, आणि त्यात आता सहाशे माणसं समोर.

झुंबर हललं. क्लिफचा डावा हात वर गेला, कंबरेपासून कानापर्यंत, नकळत, आणि त्याने चुटकी वाजवली.

हिल्डाच्या तोंडात ओळ तयार होती. एक नाही, दोन. 'चिल्लीपिल्ली घरी न्या आता, डोळ्यांत झोप आली.' किंवा, 'हसलात तेवढं विसरू नका, म्हातारी घरी निघाली.' चुटकी वाजली की तिच्या जिभेवर ओळ यायची, जशी दुसऱ्या कुणाला शिंक येते. आत्ताही आली. फेकायची, की झालं; तो उचलणार, म्हणणार, टाळ्या घेणार, आणि उद्या सगळ्यांना सांगणार की तो पॉज मुद्दाम घेतला होता.

तिने ओठ मिटले.

क्लिफने पुन्हा चुटकी वाजवली. जरा जोरात.

बँडमास्तरने छडी उचलली, परत खाली ठेवली. परीचं हसू गालांवर वाळायला लागलं. टोबी मफलर सोडवून पुढे वाकला. क्लिफ डावीकडे बघू लागला, उजवीकडे बघू लागला, डोळे भिरभिरायला लागले. आणि पँटोत असा भिरभिरणारा माणूस दिसला की काय करायचं हे इंग्लंडातल्या दुधपित्या पोरालाही ठाऊक असतं. बाल्कनीतून एक आवाज आला, "मागे!" मग दहा, मग सगळं थिएटर बाकांवर पाय आपटत, "मागे! तुझ्या मागे!"

क्लिफ वळला.

मागे हिल्डा होती. कमरेपर्यंत हिल्डा, खाली गाय, आचळं एका बाजूला कललेली. ती काहीच करत नव्हती. फक्त डावा पाय उजव्या पायावर टाकून उभी होती.

पोरं अचानक चिडीचूप झाली. पुढे काय होतं ते बघायला. त्या शांततेत क्लिफ हॅडलीचा आवाज आला. म्हातारीचा नाही, स्पिंकचा नाही, वाळूच्या ढिगातलाही नाही. क्लिफर्ड मजचा.

"हिल्डा," तो म्हणाला. "पुढे काय गं? दर वेळी तूच सांगतेस. सांग ना."

सहाशे माणसांनी ऐकलं. चौथ्या रांगेनेही.

हिल्डाने त्याच्याकडे पाहिलं. रंगाखाली त्याच्या कपाळावर घामाचे ओघळ आले होते, एक खोटी पापणी गालावर उतरली होती. त्याची दया आली तिला, नाही असं नाही. पण तिने मान वाकडी केली, हॅलिफॅक्सच्या जिन्यात मिसेस ॲक्रॉइड करायची तश्शी, आणि म्हणाली,

"मंगळवारी नाही हं, राजा!"

छप्पर पडलं नाही एवढंच. आयाबाया, आजोबा, ज्यांनी रविवारच्या रविवार ते वाक्य ऐकलं होतं ते सगळे उभे राहिले. पोरांना काही कळलं नाही, म्हणून ती अधिकच किंचाळली. बँडमास्तरने देवाचे आभार मानून छडी फिरवली आणि पडदा आला.

टोबी फेअरफॅक्स रंगपटात आला तेव्हा क्लिफ सावरला होता. तोंडाला कोल्ड क्रीम, हातात ग्लास.

"काय तो पॉज, क्लिफ! माझा श्वास अडकला होता."

"आमचं ठरलेलं होतं," क्लिफ म्हणाला. "घासूनपुसून बसवलेलं."

"आणि या बाई? गाय?"

हिल्डा दारात उभी होती, शेपूट हातात धरून. क्लिफने तिच्याकडे पाहिलं, आणि सवयीने तोंडातून निघून गेलं, "ही हिल्डा. माझी जुनी सहकारी. चहा उत्तम करते."

"मिस्टर स्पिंक मी आणि यांनी मिळून लिहिला," हिल्डा म्हणाली. "जास्त मी. नवीन भाग लिहायचे तर माझं नाव पाहिजे. आधी."

क्लिफने ग्लासात बघितलं. टोबीने मात्र खांदे उडवले.

"लावा ना! मी आधीच दोन नावं धरून चाललो होतो. खरं सांगू का, ती नावं वाचतं कोण? तोपर्यंत लोक चहा टाकायला उठलेले असतात." आणि त्याला गाडी पकडायची होती, तो गेला.

हिल्डा तिथेच उभी राहिली. इतकी वर्षं ती ज्या भिंतीला धडका देत होती ती भिंत नव्हतीच. नुसता क्लिफ आडवा उभा होता. तिला हसावं की त्याच्या डोक्यात ते झुंबर घालावं ते कळेना. शेवटी तिने शेपूट खुंटीला अडकवलं आणि बूट शोधायला लागली.

"तुझं नाव होतं हं त्या ओळीत," क्लिफ मागून म्हणाला. "शप्पथ, हिल्डे."

"मग आता म्हण. पहिला खेळ झाला, आता काही पडत नाही."

क्लिफने क्रीमच्या डबीला झाकण लावलं. "आठवत नाही."

नाव खरंच होतं की नाही, हे तिला पुढेही कधी कळलं नाही. तिने बरेचदा दोन्ही बाजूंनी विचार करून पाहिला. रोज वेगळं उत्तर यायचं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती लवकर थिएटरात आली. क्लिफच्या रंगपटाचं दार उघडंच होतं. आरशासमोर तो जुना टाइपरायटर. दुपारच्या खेळाला शेवटच्या दोन ओळी नव्याने लागणार होत्या, आणि कागद कोरा होता. क्लिफ म्हातारीच्या पोट आवळायच्या कंबरपट्ट्यात, खाली पायजमा, खुर्चीवर बसून यंत्राकडे असं बघत होता की जणू ते काहीतरी बोलेल.

"ऊठ," हिल्डा म्हणाली.

"का?"

"ऊठ रे."

तो उठला. ती बसली. लग्न मोडल्यावर तिने कित्येक वर्षं एका वकिलाच्या कचेरीत टायपिंग केलं होतं, दहाही बोटांनी, कळांकडे न बघता. ही गोष्ट क्लिफला माहीत नव्हती, कारण त्याने कधी विचारलं नव्हतं. कागदाच्या माथ्यावर खडखडखड अक्षरं उमटली. क्लिफने तिच्या खांद्यावरून वाकून वाचलं : 'मिस्टर स्पिंक परत येतो. लेखक : हिल्डा प्लॅट.' मग तिने क्षणभर थांबून पुढे टाइप केलं, 'आणि क्लिफ हॅडली.'

"आधी शेवटच्या ओळी, हिल्डे. खेळ दुपारी आहे."

"त्या कधीच झाल्या." तिने दुसऱ्या कागदावर त्या उतरवून त्याच्या हातात दिल्या. चिल्लीपिल्ली, झोप, सगळं. मग स्पिंकचा कागद नीट बसवला. "आता तू फीर."

"मी?"

"या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत."

क्लिफ निघाला. खिडकीपर्यंत गेला, परत आला. कंबरपट्टा करकरत होता. बाहेर समुद्रावर कोणीतरी कुत्र्याला हाका मारत होतं. हिल्डाने डावा हात वर केला आणि चुटकी वाजवली.

क्लिफने तोंड उघडलं. काहीच आलं नाही. तो तसाच उघड्या तोंडाने भिंतीपर्यंत गेला.

"तुला कसं सुचायचं गं हे?" त्याने विचारलं. पहिल्यांदाच. खरंच जाणून घ्यायचं असल्यासारखं.

"चाल," हिल्डा म्हणाली. "चालत राहा."

आणि पुन्हा चुटकी वाजवली.